बांधातली होडी

रोह्यात आमच्या आळीतल्या बायका मला विचारतात, "तुमची ती बहीण समुद्रात सोनं शोधते ना हो?" आधी मी समजावत बसायचे. आता म्हणते, "हो, सापडलं की तुमच्या बांगड्या करू." सोनं तिला कधी सापडलं नाही आणि ते शोधायला ती कधी गेलीही नाही. भूमिका मोकल ही माझी चुलत बहीण, माझ्याहून अकरा वर्षांनी लहान. बुडालेल्या होड्या, गलबतं, जहाजं कशी बांधली होती, कशाने बुडाली, त्यांच्यात काय भरलेलं होतं, हे शोधून लिहून ठेवणं हे तिचं काम. सागरी पुरातत्त्व म्हणतात त्याला. मला तो शब्द न अडखळता म्हणायला दोन महिने लागले.

लोकांना वाटतं, ती दिवसभर पाण्याखाली असते. जातेही पाण्याखाली. त्याचं रीतसर शिक्षण घेतलंय, पाठीला हवेची टाकी बांधून गोव्याला, मालवणला उतरलीय. पण आमच्या खाड्यांचं पाणी म्हणजे निव्वळ चहा. हात पुढे केला तर आपलीच बोटं दिसत नाहीत. म्हणून इकडे तिचं काम ओहोटीला चालतं. पाणी उतरलं की चिखलात उतरायचं. तीन-साडेतीन तास मिळतात. तेवढ्यात मोजायचं, चित्र काढायचं, फोटो घ्यायचे आणि पाणी चढायच्या आत सगळं झाकून बाहेर पडायचं. फावडं क्वचितच. बरंचसं काम नुसत्या हाताने आणि रंगाऱ्याच्या ब्रशने. तिच्या वहीत तारखेच्या आधी तिथी असते. तिथीचे पाऊणपट केले की भरतीची वेळ निघते, हे तिला कुठल्या कॉलेजात शिकवलेलं नाही, आईकडून आलंय. अष्टमी असेल तर आठाचे पाऊणपट सहा. म्हणजे सहाला भरती, बाराला ओहोटी. बरोबरचे लोक मोबाईलमध्ये बघेपर्यंत हिचं सांगून झालेलं असतं.

तिची आई म्हणजे माझी हौसाकाकी. आमचं गाव खारडोणी, पेणच्या खारेपाटात. गावाला तीन बाजूंनी खाडी आणि खाडी अन् भातशेतीच्या मध्ये मातीचा बांध. बांध आहे तोवर भात आहे. बांधाला खांड पडली, म्हणजे तो एका जागी जरी फुटला, तरी खारं पाणी आत शिरतं आणि पुढची तीन-चार वर्षं त्या जमिनीत धड गवतही येत नाही. काका लवकर गेले. काकीने मिठागरात टोपल्या वाहून दोन पोरं वाढवली आणि मिठागर बंद पडल्यावर हमरापूरला गणपतीच्या कारखान्यात माती मळायला गेली. भूमिकाने जुन्या जहाजांचं शिकायचं म्हटलं तेव्हा काकी म्हणाली होती, "बुडालेलं बाहेर काडून कोनाचं पोट भरनार गो?"

"माझं भरेल. आनि तुझं पन भरीन," ही म्हणाली.

भरलंही. मुंबईच्या एका संस्थेत तिला तीन वर्षांच्या करारावर काम मिळालं. तिचे वरिष्ठ प्रविण सर. माणूस हुशार, बोलणं मऊ, मोठमोठ्या लोकांत ऊठबस. या गोष्टीत ते पुढे येतील.

गेल्या मार्गशीर्षात गावच्या बांधाच्या दुरुस्तीला जेसीबी लावला होता. खाडीच्या बाजूने माती ओढताना दाताला फळ्या लागल्या. आमच्या भावकीतला हरेश पंचायतीत मेंबर आहे. नंतर तो जे वागला ते वागला, पण त्या दिवशी त्याने शहाणपणा केला हे लिहिलं पाहिजे. त्याने मशीन थांबवलं आणि भूमिकाला फोन लावला. "भूमिके, बांधात कायतरी हाय. लाकूड हाय, खिले हायत. तू ये, मी कोनाला हात लावू देत नाय."

ती दुसऱ्या दिवशी हजर झाली. परवानगी आली, खड्ड्याभोवती वाळूच्या गोण्या रचल्या गेल्या आणि पुढचा दीड महिना प्रत्येक मोठ्या ओहोटीला ती चिखलात. मी दोनदा रोह्याहून डबा घेऊन गेले होते. वरून बघितलं तर मांडीपर्यंत चिखल, डोक्याला टॉवेल, तोंडात पेन्सिल. मोठ्या माशाचं हाडूक अर्धं वर यावं तशी होडी दिसत होती. बेचाळीस फूट लांब. आत मोठमोठे दगड भरलेले. तळाला एक भोक. आणि तळाची बाहेरची बाजू कोळशासारखी काळी.

त्या काळ्या तळाने सगळा घोळ घातला. घोळ घातला भूमिकाने, असंच म्हणते मी, कारण ती स्वतःही तसंच म्हणते. पौषात तिने सरांना पहिलं टिपण पाठवलं. त्यात लिहिलं, की तळ जळलेला आहे, भोक पडलेलं आहे, त्यामुळे ही नाव लढाईत आगीने बुडाली असण्याची शक्यता आहे. ती आरमाराच्या काळातली आहे का, ते तपासावं लागेल. आमच्या गावात आरमाराची नाव! त्या रात्री तिने फोन करून मला टिपण अख्खं वाचून दाखवलं. मीही देवापाशी साखर ठेवली.

आठ दिवसांत पेपरला बातमी आली. टिपणातलं "शक्यता" गेलं, "तपासावं लागेल" गेलं, आणि उरली ती आरमाराची लढाऊ गुराब, तोफा असलेलं मोठं गलबत, शत्रूच्या तोफेने पेटलेलं. पेणच्या नाक्यापासून गावापर्यंत बॅनर लागले. हायवेला जागा बघून झाली. तिथे हॉल बांधायचा, गुराब उचलून त्यात ठेवायची, बाहेर दोन तोफा, शिवाय पार्किंग. क्रेन होळीच्या आधी येणार होती. हरेशचा फोटो बॅनरवर गुराबीएवढाच मोठा होता.

हौसाकाकी बॅनर बघून आली आणि पोरीला म्हणाली, "होरी जलाली हे तुला कोनी सांगितलं?"

"तळ काळा आहे ना आई. कोळसा झालाय."

दुसऱ्या दिवशी काकी तिला घेऊन जनूबाबाकडे गेली. जनूबाबा म्हणजे गावातला सगळ्यात म्हातारा माणूस. ऐंशीच्या पुढचा, जन्मभर खाडीत होडी आणि बांधावर फावडं. मी त्या दिवशी माहेरी होते, म्हणून हे ऐकायला मिळालं. बाबा ओटीवर जाळं विणत होते. भूमिकाने फोटो दाखवले. त्यांनी फोन लांब धरला, जवळ धरला, आणि हसायलाच लागले.

"ही जलाली नाय गो पोरी. शेकलीय."

"शेकलीय म्हणजे?"

"हौसा, या पोरीला मुंबयला पाठवून काय शिकवलंस गो? अगो, लाकडाला पान्यात कीड लागते. चाळनी करते ती लाकडाची. म्हनून दर म्हयन्याला होरी कोरड्यावर ओडायची, खालशी नारलाची सुकी झावलं पेटवायची आनि तल शेकून काडायचा. कीड मरते. वीस-तीस वरसं शेकलं का तल असा काला व्हतो. मना सांग, आतशी काली हाय का?"

भूमिकाचा चेहरा मी बघत होते. आतून लाकूड काळं नव्हतं. तिच्याच वहीत, तिच्याच अक्षरात ते लिहिलेलं होतं: आतील बाजू स्वच्छ. लिहिलं होतं, पण त्याचा अर्थ तिने लावला नव्हता. आम्ही मिठागरवाले, होड्यावाले नव्हे. आमच्या घरात कुणी होडी शेकलेली तिने बघितली नव्हती. आणि ज्यांना हे ठाऊक होतं त्यांच्याकडे ती गेली नव्हती.

"मग आतले दगड?" तिने विचारलं.

"खांडीत नुस्ती होरी सोडलीस तर पानी उचलून नेल तिला. दगड भरून, भोक पाडून बसवायची."

"खांडीत?"

"मंग! मोटी खांड परली, माती टिकंना, का मंग होरी आडवी घालायची आनि भांगात, पानी कमी असताना, तिच्यावरशी बांध चडवायचा. आमी स्वता बुडवलीय एक, त्या तिकरच्या उघाडीजवळ, बांधाचं पानी सोडायचं दार हाय तिथं. मी तवा पंदरा-सोला वरसांचा. माज्या बापाची होरी व्हती. बाप रडला नाय, पन दोन दिस जेवला नाय."

"आणि ही? ही कुणाची?"

बाबांनी मान हलवली. "ती मना ठाव नाय. माज्या बापालाबी ठाव नसंल. उगा कोनाचं नाव सांगू?"

दुसरा कुणी असता तर एवढ्यावर गप्प बसला असता आणि बॅनरकडे बघून खूश राहिला असता. निदान म्हाताऱ्याचं ऐकून लगेच उलटं तरी लिहिलं असतं. भूमिका परत खड्ड्यात उतरली. तेरा दिवस. भोक पुन्हा बघितलं. त्याच्या कडेला सुताराच्या वासल्याचे घाव होते, आतून बाहेर मारलेले. तोफगोळा असे घाव घालत नाही. होडीच्या दोन्ही टोकांना चिखलात मेखा ठोकलेल्या निघाल्या, आणि फळ्यांच्या फटींत भाताचा पेंढा मिसळलेली माती ठासलेली. आणि तळाला एके ठिकाणी थिगळ होतं. जुनी फळी कुजली म्हणून नवी बसवलेली. होडीचे बाकी खिळे लोहाराने ठोकलेले, चौकोनी. थिगळाचे खिळे गोल, मशीनचे. मशीनचे खिळे आपल्याकडे आले तेव्हा आरमार संपून कैक वर्षं झाली होती. म्हणजे ही होडी त्यानंतरही खाडीत फिरत होती. तळाच्या फटींत मिठागरात वापरतात तसल्या टोपल्यांच्या कामट्या अडकलेल्या होत्या. मीठ वाहणारी साधी होडी. लढाईशी तिचा काही संबंध नव्हता.

तिने हे सगळं फोटोंसकट सरांना पाठवलं. सर पेणला आले ते माघी गणपतीच्या आदल्या दिवशी. रेस्ट हाऊसवर बोलावलं. भूमिका म्हणाली, "ताई, तू चल बरोबर. तू असलीस की माझं तोंड ताब्यात राहतं." मी पिशवी मांडीवर घेऊन कोपऱ्यात बसले. टेबलावर छापलेला अहवाल होता. वर मोठ्या अक्षरात "लढाऊ गुराब", शेवटच्या पानावर तिच्या सहीची जागा. खड्ड्याचं काम तिच्या नावावर, त्यामुळे तिच्या सहीशिवाय होडी उचलायची परवानगी पुढे सरकत नव्हती.

"भूमिका, भावनिक होऊ नकोस," सर म्हणाले. चहा स्वतः ओतून दिला त्यांनी, मलासुद्धा.

"भावनिक मी पहिल्या टिपणाला झाले होते, सर. आता मोजून सांगतेय."

"लाकडाच्या तपासणीत काळ ठरत नाही. गेल्या तीनशे वर्षांतलं लाकूड त्या यंत्राला नीट सांगता येत नाही, हे तुलाही माहीत आहे. म्हणजे आपण लढाऊ नाव आहे हे नाकारू शकत नाही."

"लाकूड नाकारत नाही. खिळे नाकारतात."

"ते थिगळ नंतर कुणी लावलं असेल."

"बुडाल्यावर, सर? चिखलाखाली जाऊन?"

मला हसू आलं, ते मी पदराने झाकलं. सरांना आलं नाही. ते म्हणाले, "थिगळाचं पान वगळू. बाकी सगळं तुझंच आहे, तुझ्याच टिपणातलं. लोकांचा उत्साह बघ. एवढा पैसा आपल्या विषयाकडे कधी आला होता? आणि तुझा करार मार्चमध्ये संपतोय. पुढचा मी बघणारच आहे."

तिचा हात चहाच्या कपावर होता. तो कप तिने बशीत नीट ठेवला. मी मनात बाप्पाला म्हटलं, हिला आज थोडं कमी बोलू दे. बाप्पाने ऐकलं नाही.

"सर, ती होडी बांधात पडलेली नाही, तीच बांध आहे. दोन्ही बाजूंची माती तिच्या आधाराने उभी आहे. क्रेनने उचललीत तर तिथे पुन्हा खांड पडणार, आणि खांड पडली की सहाशे एकर भात जाणार. त्यात माझ्या आईचंही थोडं आहे. पण आईचं नसतं, तुमच्या आईचं असतं, तरी मी हेच सांगितलं असतं. आणि चूक माझी होती. ती मला माझ्या नावाने दुरुस्त करायचीय."

"आणि मी सही घेतल्याशिवाय जाणार नाही म्हटलं तर?"

"घ्या की," ती म्हणाली. तिने अहवाल ओढला, पेन काढलं आणि पहिल्याच पानावर, त्या मोठ्या अक्षरांच्या खाली लिहिलं: 'माझ्या पहिल्या टिपणातील आगीचा आणि लढाईचा निष्कर्ष चुकीचा होता. ही मीठ वाहणारी होडी असून बांधाची खांड बुजवण्यासाठी मुद्दाम बुडवलेली आहे. ती उचलण्यास माझा विरोध आहे.' खाली सही, तारीख, आणि सवयीने तिथी. पान फोनमध्ये टिपलं आणि अहवाल सरांपुढे सरकवला.

बाहेर आल्यावर मी म्हटलं, "तोंड ताब्यात ठेवणार होतीस ना?"

"ठेवलं ना. शिवी एकही दिली नाही."

माघातली वसंत पंचमी आमच्याकडे काही मोठी नसते, पण त्या दिवशी गावदेवीच्या देवळात गाव जमला. गावाला कळलं होतं की आपल्याच पोरीने गुराब बुडवली. मी आजवर इतक्या माणसांना एकीवर असं तुटून पडलेलं बघितलं नव्हतं. हरेश खांबाला टेकून उभा होता.

"भूमिके, तू गावची पोर ना? मंग गावाच्या आड कशी येतेस?"

"आड मी नाय आले, हरेशदादा. आड ती होडी आलीय, खाडीच्या. इतकी वरसं. तिला काढायला तू निघालायस."

"आमाला रस्ता मिलनार व्हता. हॉल मिलनार व्हता. पोरांना कामं मिलनार व्हती."

"बांध गेल्यावर हॉलमध्ये भात लावणार का?"

मागून कुणीतरी ओरडलं, "हिला मुंबयवाल्यांनी पैसे खायला घातले!"

हौसाकाकी उठली. काकी सभेत कधी उठत नाही. "कोन बोलला त्याने म्होरं ये. माज्या पोरीने पैसे खाल्ले असते तर माज्या घरावर पत्रे नसते, स्लॅब असता. ये, मोज पत्रे."

लोक हसले. एवढ्या हसण्याने थोडी हवा निघाली. मग एका बाईने खरा प्रश्न विचारला, आणि तिचा प्रश्न मला आजही चुकीचा वाटत नाही. ती म्हणाली, "गुराब बगायला जग आलं असतं गो. मिठाची होरी बगायला कोन येनार?"

भूमिकाने खाली बसलेल्या जनूबाबांकडे एकदा बघितलं. मग म्हणाली, "कोणी नको येऊ दे. तोफा असलेली गलबतं मी बघितलीत, मावशी, पाण्याखाली जाऊन बघितलीत. ती हरली म्हणून बुडाली. ही होडी कुणीतरी स्वतःच्या हाताने बुडवलीय. ज्याच्यावर घर चालत होतं ती. दुसऱ्यांचीही शेतं वाचावीत म्हणून. त्याचं नाव कुणी लिहिलं नाही. आता त्याच्या नावावर दुसऱ्याची लढाई चिकटवायची असेल तर दुसरा कुणी बघा. मी नाही चिकटवणार."

मत घेतलं नाही कुणी. सभा अशीच विस्कटली. अर्धे लोक तिच्याशी बोलले नाहीत, त्यातले काही अजून बोलत नाहीत.

पण त्या सहीने काम झालं होतं. तिसऱ्या दिवशी परवानगी थांबली, क्रेन रद्द झाली. आणि ठेकेदाराने रागाने जेसीबीही नेला. खड्डा तसाच उघडा. भोवती नुसत्या वाळूच्या गोण्या. समोर माघी पौर्णिमा, म्हणजे मोठं उधाण. आधीच्या उधाणांनी फाटलेल्या गोण्या या उधाणाला टिकल्या नसत्या. क्रेनने जे झालं असतं ते भरतीनेच केलं असतं, आणि मग सगळे म्हणाले असते, बघा, भूमिकाने बांध फोडला.

अष्टमी, नवमी, दशमी. भांगाचे तीन दिवस, पाणी कमी, दुपारची ओहोटी. तेवढ्यात होडी झाकून वर बांध चढवायचा. मशीन नाही, म्हणजे पूर्वीसारखंच, चिखलाची ढेकळं कापून हातोहात पुढे द्यायची. पहिल्या दिवशी ती, काकी, मी आणि जनूबाबा. बाबा फक्त बसून ओरडत होते: "पेंडा घाला गो त्यात! नुस्ती माती घालतंय, पोळी लाटतंय काय!" आधी तिने होडीच्या प्रत्येक फळीवर ओलं गोणपाट अंथरलं, तान्ह्या पोराला पांघरूण घालावं तसं. लाकूड चिखलात राहिलं तरच टिकतं, म्हणाली, वाऱ्यावर ठेवलं की चार वर्षांत भुगा. त्या हॉलमध्येही भुगाच झाला असता.

दुसऱ्या दिवशी अकरा माणसं आली. एकशेचाळीस उंबऱ्यांचं गाव, अकरा माणसं. त्याच दुपारी तिच्या फोनवर संस्थेचं पत्र आलं, करार वाढवण्यात येणार नाही. तिने चिखलाच्या बोटाने वाचलं, फोन काकीच्या कमरेला खोचला आणि म्हणाली, "ताई, ढेकूळ दे. थांबलीस कशाला?" माझे डोळे भरून आले होते. तिचे नव्हते.

दशमीला हरेश आला. पांढरा शर्ट, बांधावर वरच्या वर उभा.

"दमलात का?"

"तुजी साडेतीन एकर या बांधामागं हाय," काकी खालून म्हणाली. "शर्ट खराब व्हनार असंल तर तिकरं ठेव, आनि ये. नायतर तुज्या वाटनीचे दोन गडी पाठव."

त्याने तीन पाठवले. तासाभराने स्वतःही उतरला, बनियनवर. पौर्णिमेचं उधाण आलं तेव्हा पाणी बांधाच्या डोक्याखाली दीड हात राहिलं. आम्ही सगळे बघायला उभे होतो. पाझरसुद्धा आला नाही. मी हात जोडले. कुणाला जोडले ते नक्की सांगता येणार नाही. खाडीला, देवीला, की ज्याने ती होडी घातली त्याला.

भूमिका सध्या माझ्याकडे रोह्यात आहे. सकाळी कोलाडच्या एका क्लासमध्ये इतिहास शिकवते आणि ओहोटी असेल तेव्हा कुंडलिका नदीच्या काठाने जुन्या होड्यांच्या नोंदी घेते. पगार त्याचा कुणी देत नाही. सरांचा मध्ये एकदा फोन आला होता. "शक्यता नाकारता येत नाही, एवढंच लिही, बाकी मी सांभाळतो," म्हणाले. ती म्हणाली, "मी नाकारलीय, सर. लेखी," आणि भाकरी उलटायला वळली.

हरेशला मात्र त्या जागी काहीतरी लावल्याशिवाय चैन पडेना. होळीनंतर तो पत्र्याची पाटी आणि रंगाचा डबा घेऊन माझ्या दारात.

"गुराब नाय तर नाय. पन काय लिवू ते तू सांग."

भूमिका म्हणाली, "लिही. या बांधात मिठाची होडी आहे. गावाने बुडवलेली. काढू नये."

"कोनाची होरी?"

"माहीत नाही, असं लिही."

"पाटीवर 'म्हाईत नाय' असं कोन लिवतं गो? लोक हसतील."

"हसू देत," ती म्हणाली. "ते शेवटचं मोठ्या अक्षरात लिही. काढू नये."